कापलेला प्रसंग

लिलियान फाब्रला पॅरिसात येऊन बरीच वर्षं झाली होती. टीव्हीच्या मालिकांमध्ये ती मोलकरीण व्हायची, तिकीटवाली व्हायची, एकदा तर प्रेतही झाली होती. चाळिशी जवळ आली तेव्हा कुठे एका सिनेमात तिला खरं काम मिळालं. खाणीत नवरा गाडला गेलेल्या बाईचं. तिचं रडणं संपलं तेव्हा दिग्दर्शकाने तिचे दोन्ही हात हातात घेतले होते.

सिनेमा तिच्या गावी, ओरियाकला लागला, तसं तिच्या बापाने, म्हाताऱ्या बाप्तिस्तने, रविवारी दुपारी बेकरीला कुलूप घातलं आणि अख्खी आळी थिएटरात नेली. लिलियानही मुद्दाम गावी आली.

तिचा रडण्याचा प्रसंग आलाच नाही. तो कापला होता, आणि तिला कळवायचं कुणाला सुचलं नव्हतं. चर्चमधल्या गर्दीत क्षणभर तिची पाठ दिसली, एवढंच.

बाहेर आल्यावर खाटकाची बायको म्हणाली, “माझा जरा डोळा लागला होता गं. तेवढ्यात येऊन गेलीस वाटतं?”

दोघीतिघी तोंड फिरवून हसल्या.

“पाठमोरी होती ती,” बाप्तिस्त म्हणाला. “चांगली उभी होती.”

बापलेक घरी आले. स्वयंपाकघरात त्याने सूप गरम करायला ठेवलं.

“बाबा, आळीत तुम्हाला मान खाली घालायला लावली मी.”

“ते राहू दे. कापलं त्यात काय होतं?”

“काही नाही. रडायचं होतं.”

“मग रड की. मी बघतो.”

तिने आढेवेढे घेतले. मग अंगातला कोटही न काढता टेबलाशी उभी राहिली आणि सगळा प्रसंग केला. बाप्तिस्त खुर्चीत ताठ बसून बघत होता. सूप उतू गेलं तरी उठला नाही. शेवटी बाहीने डोळे पुसत म्हणाला, “गाढव आहेत लेकाचे.”

त्याच हिवाळ्यात तो गेला. तार आली तेव्हा लिलियान एका मालिकेत मोलकरणीचं काम करत होती.

“दार उघडण्यापुरतंच तर काम आहे तुझं,” दिग्दर्शकाचा मदतनीस म्हणाला. “जा तू. दुसरी कोणी उघडेल.”

बापाला माती देऊन ती परतली, तोवर ती दुसरी पोरगी सगळ्यांना पसंत पडली होती. मालिका चालली तोवर दार तिनेच उघडलं.

लिलियानने पुढेही कामं केली. शेजारीण, नर्स, हॉटेलातली वाढपी. पण आपलं काम टीव्हीवर कधी दिसणार, हे तिने पुन्हा कुणाला सांगितलं नाही.