सड्यावर आलेले मासे

राहीच्या सासरी पिण्याच्या विहिरीवर कधी भांडण झालं नव्हतं. त्या सोमवारी मात्र झालं. देवरूखहून आलेले आरोग्य खात्याचे इन्स्पेक्टर घासलेटचा डबा घेऊन कठड्याशी उभे होते आणि राहीचे सासरे महिपत त्यांच्या वाटेत आडवे झाले होते.

"साहेब, ह्या पाण्यात घासलेट ओतलंत तर आम्ही प्यायचं काय?"

१९३४ सालची दिवाळी तोंडावर आली होती आणि सड्यावरच्या, उघड्या कातळपठारावरच्या त्या वाडीत एकही घर हिवतापातून सुटलं नव्हतं. राहीची चार वर्षांची मैना त्या महिन्यात तिसऱ्यांदा तापली होती. नवरा मुंबईला गिरणीत. त्याला पत्र तरी काय धाडायचं, म्हणून राहीने काहीच कळवलं नव्हतं.

इन्स्पेक्टरांनी विहिरीचं पाणी एका काचेच्या बाटलीत घेतलं आणि सगळ्यांपुढे धरलं. "हे वळवळे बघा. ह्यांचे डास होतात. डास चावला की ताप. तेलाचा तवंग आला की हे गुदमरून मरतात."

बाटली हातोहात फिरत बायकांपाशी आली. आत काळपट बारीक किडे शेपट्या झाडत वरखाली करत होते. ह्यांना राही लहानपणापासून ओळखत होती. बावनदीच्या काठच्या तिच्या माहेरी गुरांच्या दगडी डोणीत हेच व्हायचे, आणि ती ओंजळभर टिकल्या आणून सोडायची. टिकली म्हणजे बोटाच्या दोन पेरांएवढा मासा, शेपटीपाशी काळा ठिपका. इतका बारीक, की कालवणातही कुणी घालत नसे. पण सकाळी सोडला तर दुपारपर्यंत डोण साफ.

"घासलेट नको," ती बोलून गेली. "आमच्या नदीतला टिकली मासा हे खातो. वेचून वेचून खातो."

पुरुष वळून बघायला लागले. चारचौघांत ती कधी बोलली नव्हती. दोघंतिघं हसले. महिपतांनी डोळे वटारले. इन्स्पेक्टर मात्र हसले नाहीत.

"विहिरींत मासे सोडतात हे मी ऐकलंय," ते म्हणाले. "तुमच्या ह्या माशाचं मला ठाऊक नाही. शुक्रवारी परत येतो. तोवर दाखवा. नाहीतर तेल ओतावंच लागेल."

मंगळवारी उजाडताच राही जाऊबाईंना, गोदाला, घेऊन दोन कोस खाली नदीवर उतरली. गुडघाभर पाण्यात जुनं लुगडं दोघींनी दोन टोकांना धरलं आणि झपकन उचललं. पहिल्याच खेपेला पंधरावीस टिकल्या. राहीला हसू आवरेना. तांब्याचा हंडा काठोकाठ भरून आळीपाळीने डोक्यावर घेत दोघी भर उन्हात घाटी चढल्या. विहिरीपाशी हंडा उतरवला तर सगळे मासे पोट वर करून तरंगत होते.

महिपत आले, आत डोकावले आणि पाठ फिरवून निघून गेले. ते रागावले असते तर बरं झालं असतं, असं राहीला वाटलं.

त्याच संध्याकाळी तिचे वडील, आप्पा, नातीला बघायला वर आले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. "तांब्याच्या हंड्यात गो कशाला घातलंस? तांब्यात बारका मासा जगत नाय. मडकी घे. अर्धी भर, वारा राहू दे. आणि ऊन चढायच्या आत वर ये."

बुधवारी पहाटे राही मडकी उचलते आहे तोच महिपत अंगणात आले. मैनाचा ताप पुन्हा चढला होता. सून बघतेय हे कळूनही त्यांनी नजर वर केली नाही. "दोन मडकी माझ्याकडं दे," एवढंच म्हणाले.

नदीवर चार मडकी भरली, तोंडाला ओली फडकी बांधली आणि गोदासह तिघं वर निघाली. वाटेत दोन ठिकाणी ओढ्याचं गार पाणी घातलं. राही दर वळणावर फडकं बाजूला सारून बघे. जिवंत होते. शेवटच्या चढावर गोदाचा पाय घसरला आणि तिच्या हातचं मडकं फुटलं. तांबड्या जांभ्यावर मासे तडफडायला लागले. राहीने आपलं मडकं खाली ठेवलं, महिपत गुडघ्यांवर बसले आणि तिघांनी ओंजळींनी एकेक मासा उचलून दुसऱ्या मडक्यात टाकला.

"तो बघ, दगडाखाली," महिपत ओरडले. त्यांचं धोतर चिखलाने माखलं होतं आणि त्यांना त्याची शुद्ध नव्हती.

विहिरीवर सगळी वाडी जमली होती. महिपतांनी मासे लगेच सोडू दिले नाहीत. इन्स्पेक्टरांनी सोमवारी मागे ठेवलेली वळवळ्यांची बाटली त्यांनी कठड्यावर ठेवली आणि राहीला म्हणाले, "आधी एक ह्याच्यात घाल."

टिकली बाटलीत पडली ती तळाशी जाऊन बसली. हलेना. मागून कुणीतरी खोकलं. एक वळवळा तिच्या तोंडासमोरून वर निघाला, तशी टिकली विजेसारखी सुटली. वळवळा नाहीसा. मग दुसरा, तिसरा. बायका पुढे सरकल्या, पुरुषांची डोकी एकमेकांवर आदळली. "गेला," "तो पण गेला," असं जो तो पुटपुटत होता. चुलीवरचा भात शिजायच्या आत बाटलीत मासा आणि पाणी एवढंच उरलं.

"सोड," महिपत म्हणाले. राहीने मडक्यांतले मासे पोहऱ्यात घेऊन हळूहळू खाली सोडले.

शुक्रवारी इन्स्पेक्टरांना पोहऱ्यात थोडे वळवळे सापडलेच, पण पहिल्याइतके नाहीत. त्यांनी घासलेटचा डबा न उघडता परत नेला आणि मैनासाठी हिवतापावरच्या कोयनेलच्या गोळ्या ठेवल्या. पंधरा दिवसांनी पाणी स्वच्छ झालं. ताप एका वर्षात गेला नाही, पण पुढच्या दिवाळीत आजाऱ्यांची अंथरुणं कमी होती आणि मैना अंगणात धावत होती. शेजारच्या दोन वाड्यांतल्या बायका मडकी घेऊन राहीला विचारत आल्या आणि ती त्यांच्याबरोबर नदीवर उतरली.

मासे सोडल्याला वर्ष झालं, त्या कार्तिकात राही पाणी शेंदत होती. पोहऱ्यात तिला तांदळाच्या कणीएवढं काहीतरी हलताना दिसलं. तिने पोहरा उन्हाकडे धरला. एक नव्हे, पाचसहा होती, आणि प्रत्येकाच्या शेपटीपाशी सुईच्या टोकाएवढा काळा ठिपका. सड्यावरच्या विहिरीत टिकलीने पिल्लं घातली होती. राहीने पोहरा जपून पुन्हा पाण्यात सोडला आणि रिकामी घागर तिथेच टाकून गोदाला बोलवायला धावत सुटली.