फ्रीजमधल्या सासूची कॅसेट

मित्रांनो, मी एक जुनी व्हिडिओ कॅसेट आहे आणि दोन खोक्यांच्या मध्ये पडले आहे. एक खोकं कार्गोने वसईला जायचं, दुसरं कचऱ्यात. माझं काय, ते ठरलेलं नाही. अशात जिवाला स्वस्थता कुठली?

माझं माहेर फिलिपिन्स. पोटात सिनेमा आहे, 'सासूबाई, तुमचं डोकं फ्रीजमध्ये आहे'. हसू नका. सासू झोपताना डोकं काढून ठेवते आणि सून ते भाजीमागे विसरते, तर दुसरं नाव काय ठेवणार? तिथल्याच सेबूच्या नर्स मारिसेलने मला मस्कतच्या अझैबा भागात, शेजारच्या वसईकर इरीनकडे आणलं. दोघींची हिंदी मोडकी, पण भांडायला पुरायची. सिनेमाची भाषा इरीनला ओ की ठो कळली नाही. तरी ती म्हणाली, "यात खोटं काय? आपलं धड मस्कतला, डोकं वसईला."

"माझं सेबूला," मारिसेल म्हणाली.

तेव्हापासून रीत पडली. चर्चमधलं कोणी कायमचं गावी निघालं की आदल्या संध्याकाळी मला लावायचं. रडायला बंदी. सून डोकं घेऊन धावत सुटली की इरीन मला थांबवायची आणि निघणाऱ्याला म्हणायची, "उरलेलं परत आलास की बघ." नोकरी गेलेला स्टॅन्लीसुद्धा पोट धरून हसत गेला. परत कोणी आलं नाही. माझा शेवट कोणी पाहिलाच नाही. पुढे मशीन कपाटावर गेलं आणि मला बुरशी धरली.

उद्या इरीनच निघाली आहे. नात क्लेअरने मला उचललं. "ग्रँडमा, हा मूव्ही फोनवर फेमस आहे. एंड दाखवते?"

"तुझ्या फोनला कसली घाई झालीय?"

संध्याकाळी मारिसेल आली. तिने मला कापसाने पुसलं, मशीनमध्ये घातलं. मी खरखरले, पण चालले. सून डोकं घेऊन धावली. इरीनचं बोट बटणावर गेलं आणि तिथेच राहिलं.

"बघून घे," मारिसेल म्हणाली. "आता कोण येतंय परत?"

इरीनने बटण दाबून मला थांबवलं. "आता तू म्हण."

मारिसेलने डोळे पुसले.

"रडायला बंदी आहे. म्हण."

"उरलेलं... परत आलीस की बघ."

"येते," इरीन म्हणाली आणि मला मारिसेलच्या पिशवीत ठेवलं.

मित्रांनो, तुमच्या घरी माझ्यासारखी कोणी असेल, तर तिला कोरड्या जागी ठेवा. बुरशी दिसली की पुसा. आणि ती मध्येच थांबलेली असेल, तर मागे गुंडाळू नका. कोणाचं तरी तिथून पुढचं बघायचं राहिलेलं असतं.