समोरच्याचे दोन शब्द

"बोला ना काका," नाटकाचा हिरो चेतन तिसऱ्यांदा म्हणाला.

माझे सासरे राजाभाऊ हॉलच्या मधोमध ताठ उभे होते. चेहऱ्यावर भूमिकेतल्या मामलेदार मामाचा करारीपणा, पण तोंडातून शब्द नाही. दोह्यात, अल हिलालमधल्या शिवराजच्या व्हिलात मराठी मंडळाच्या नाटकाची तालीम चालली होती. दिग्दर्शकही तोच. मी प्रॉम्प्टर, मांडीवर आठ महिन्यांची अंतरा, हातात स्क्रिप्ट. वाक्य मला दिसत होतं, तरी जीभ उचलेना. मी ते दिलं असतं तर सगळ्यांसमोर ठरलंच असतं की बाबा विसरतात.

त्रेचाळीस वर्षांत बाबांनी दीडशेच्या वर चित्रपट केले. हवालदार, तलाठी, नाडी बघून मान हलवणारा डॉक्टर, मुलीचा बाप. सगळ्यांत मोठी भूमिका अकरा मिनिटांची. नाव कुणाला ठाऊक नाही, चेहरा सगळ्यांना. दोहा विमानतळावर बीडचा एक ड्रायव्हर धावत आला होता, "हवालदार ना तुमी? आमच्या हिरोला लई हाणलं राव!" बाबा दोन दिवस खुशीत होते.

शिवराजने मला किचनमध्ये बोलावलं. "वहिनी, स्पष्ट बोलतो. काकांचा आपण सत्कार करू. शाल, श्रीफळ, छानसं भाषण. रोल मी करतो. शुक्रवारी हॉल फुल्ल असणार, त्यांची शोभा नको व्हायला."

"दोन दिवस द्या," मी कसंबसं म्हटलं. गेल्या महिन्यात बाबा लिफ्टमध्ये आपला मजला विसरले होते. ते मी देवव्रतला, माझ्या नवऱ्याला, अजून सांगितलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी अंतरा दुपारची झोपली तशी बाबांना घेऊन बसले. चेतनची वाक्यं मी वाचली. बाबा एकदाही अडखळले नाहीत. मग सहज, कागदावरचं "आता तुम्हीच सांगा, मामा" सोडून मी तालमीत चेतन मनाने म्हणतो तसं म्हटलं, "आता बोला की!"

बाबा वाट बघत राहिले.

मी त्यांच्या हातातला कागद घेतला. त्यावर फक्त त्यांची वाक्यं होती आणि प्रत्येकाआधी समोरच्याचे शेवटचे दोन शब्द.

"बाबा, अख्खं नाटक वाचलंच नाहीत?"

"आम्हाला अख्खी गोष्ट कोण देतंय गं? सकाळी सेटवर एवढाच कागद मिळायचा. पिक्चर कशाबद्दल होता ते थेटरात कळायचं."

"मग चेतनला सांगायचं नाही का, वाक्य बदलू नकोस म्हणून?"

"हिरोला?" ते हसले. "ते आपलं काम नव्हे."

मला हायसं वाटलं, अर्धंच. मजला विसरण्याचं उत्तर त्या कागदावर नव्हतं.

मी शिवराजला सगळं सांगून रोल वाचवला आणि चेतनला फोन केला. "सॉरी वहिनी! शब्दही हलवणार नाही, प्रॉमिस."

शुक्रवारी शाळेचा हॉल भरला. चेतनला पहिल्याच प्रवेशात टाळ्या पडल्या आणि तो चढला. बाबांच्या प्रवेशात हात उडवून म्हणाला, "यल्ला मामा, बोला!" नाटकात घुसलेलं ते अरबी 'चला' ऐकून हॉल खदखदून हसला. मग हसू ओसरलं.

बाबा उभे. मी विंगेत स्क्रिप्ट घट्ट धरून. समोर पहिल्या रांगेत देवव्रत अंतराला घेऊन बसला होता. त्याने खुर्चीची कड पकडलेली मला दिसली. वाक्य माझ्या ओठांवर आलं.

तेवढ्यात बाबा चालत चेतनजवळ गेले. कागदावर असलं काही नव्हतं. त्यांनी त्याच्या कोटाची कॉलर नीट केली, खांद्यावरचा नसलेला धुरळा झटकला आणि वाह्यात भाच्याकडे बघावं तसं त्याच्याकडे बघत राहिले. चेतनचा चेहरा उतरला.

"आता... तुम्हीच सांगा, मामा."

"सांगतो. पण आधी पाणी द्या."

टाळ्या थांबेनात.

पडदा पडल्यावर ग्रुप फोटो. शिवराज ओरडला, "काका, मध्ये या, पुढे!" बाबा आले. फोटोग्राफर आकडे मोजू लागला तसे ते सवयीने अर्धं पाऊल मागे सरकले, चेतनच्या खांद्याआड.

फोटोत त्यांचा एक डोळा आणि अर्धी मिशी आली आहे.