पाच वर्षं न उघडलेली मतपेटी

मी एक जुनी मतपेटी आहे. पत्र्याची, हिरवी, भोपाळची. मित्रांनो, माझी गोष्ट गोड नाही. मी चिडलेली आहे आणि चिडूनच सांगणार आहे.

जन्म लवकर आटपते. पत्रा कापला, वाकवला, झाकणाला फट ठेवली. पहिलं काम कारखान्याच्या टाउनशिपला लागून असलेल्या इंद्रपुरीच्या शाळेत. पहिल्या पाळीचे कामगार डबे घेऊन रांगेत उभे होते. एक आजी मला थोपटून म्हणाली, "नीट सांभाळ गं." माझं कौतुक तेवढंच.

त्या निवडणुकीत मालतीबाई पार्षद व्हायला, म्हणजे नगरसेवक व्हायला, उभ्या होत्या. त्यांचे यजमान विश्वासराव कारखान्यात मशिनिस्ट. सोनागिरी वस्तीच्या मागच्या गल्लीत बाईंना नळ आणायचा होता. अच्युतरावांनी त्यांना तीन मतांनी हरवलं. एकेचाळीस मतं बाद ठरली होती.

"शिक्का माझ्याच चिन्हावर आहे," मालतीबाई म्हणाल्या. "घडी घातल्यावर शाई पलीकडे उमटली, एवढंच. पुन्हा मोजा!"

त्यांनी न्यायालयात याचिका केली. ती एकेचाळीस मतं माझ्या पोटात ठेवून मला लाखेचं सील लावलं.

आता चूक ऐका. याचिकेची जी प्रत समोरच्याला द्यायची, तिच्यावर 'खरी प्रत' असं लिहून अर्जदाराने स्वतः सही करायची असते. पण टाउनशिपमध्ये क्वार्टरचा अर्ज असो की दवाखान्याचं कार्ड, प्रतीवर फोरमनची सही चालते. विश्वासराव सवयीने प्रत घेऊन नरहर फोरमनसाहेबांकडे गेले. साहेबांनी ऐटीत सही केली, वर शिक्काही मारला.

अच्युतरावांचे वकील उठले. "प्राथमिक आक्षेप! प्रतीवर अर्जदाराची सहीच नाही. याचिका इथेच फेटाळा."

बरोबर. विचारण्यासारखाच प्रश्न होता. एका दुपारचं काम. कागद बघायचा, कायदा बघायचा, हो किंवा नाही म्हणायचं.

पहिले न्यायाधीश म्हणाले, आक्षेप आधी ऐकू.

तारीख.

तारीख.

त्यांची बदली.

दुसरे म्हणाले, आक्षेप साक्षीपुराव्यासोबत ऐकू. साक्षीदार रजा टाकून आले, भिंतीला टेकून बसले, आणि

तारीख.

तिसरे म्हणाले, छे, आक्षेप आधीच ठरवायला हवा होता.

मी रेकॉर्डच्या खोलीत. माझ्यावर फायली, फायलींवर चहाचे कप.

"माझ्यामुळे झालं गं," विश्वासराव दारात म्हणाले.

"तुमच्यामुळे एक सही चुकली," मालतीबाई कडाडल्या. "वर्षं काय तुम्ही खाल्लीत?"

पाचव्या वर्षी निकाल लागला. चूक दुरुस्त होण्यासारखी आहे, आक्षेप फेटाळला. मालतीबाई जिंकल्या! पुढचंच वाक्य: पार्षदांची मुदत गेल्या महिन्यात संपली, मतं मोजण्यात आता अर्थ नाही, प्रकरण बंद.

पुढे कागद नष्ट करायचा हुकूम आला. कोर्टाच्या बाबूने माझं सील फोडलं. मालतीबाई पुढे झाल्या.

"मोजा ना. एकेचाळीसच तर आहेत."

"भाभीजी, अब गिनके क्या करोगी?"

"मी हरले की नाही, ते मला कळू दे!"

बाबूने मला उलटी केली, मतं पोत्यात ओतली आणि तोंड बांधलं.

मित्रांनो, तुमच्यातलं कोणी उद्या न्यायाधीश होईल. जो आक्षेप साक्षी ऐकल्याशिवाय कळणारच नाही, तो खुशाल मागे ठेवा. पण जो नुसता कागद बघून सुटतो, तो आधी घ्या, त्याच आठवड्यात घ्या. त्यावर याचिका संपत असेल तर तसं तोंडावर सांगा. माणूस वरच्या कोर्टात तरी जाईल. संपत नसेल तर पेटी उघडा.

ती मतं मी पाच वर्षं पोटात धरली. कोण जिंकलं ते मला ठाऊक आहे. जाहीर करायचं काम माझं नव्हतं. ज्यांचं होतं, ते निवृत्त झाले.