कोरी ओळ

समजा, तुम्ही आत्ता कमरोद्दीनच्या खुर्चीवर बसला आहात. उस्मानपुऱ्यातल्या एका दवाखान्याची रेकॉर्डची खोली. तीन बाजूंना छतापर्यंत फायली, चौथ्या बाजूला खिडकी, खिडकीबाहेर पाण्याचा टँकर रिकामा होतोय. समोर सात वर्षांच्या एका मुलीचा केसपेपर आहे आणि तिच्या दुखण्याला तुम्हाला कोड लावायचा आहे. मुलगी तुम्ही पाहिलेली नाही. पाहायचीही नाही, कागदावर आहे तेवढंच खरं धरायचं. बसलात नीट? मग वाचा.

'उमा बन्सी. शाळेत बोलत नाही. नजर देत नाही. मुलांत मिसळत नाही.' खाली निदान, 'स्वमग्नता', आणि त्यापुढे घाईघाईत काढलेलं एक प्रश्नचिन्ह.

जगातल्या प्रत्येक दुखण्याला एक कोड असतो. काविळीला वेगळा, विंचू चावला तर वेगळा. त्याचं जाडजूड पुस्तक असतं. डॉक्टरांचं अक्षर लावायचं, पुस्तकात शोधायचं आणि कोड घालायचा, हे काम कमरोद्दीन एकवीस वर्षं करत होता. लोकांशी बोलावं लागू नये म्हणून तर त्याने ही खोली मागून घेतली होती. टपरीवर चहासुद्धा तो बोटाने मागे. त्याच्या लहानपणी मोहल्ल्यात असले कोड कुणाला ठाऊक नव्हते. म्हणून तो नुसता मुखदुर्बळ ठरला आणि मागच्या बाकावर बसून दहावी झाला.

कंप्यूटरवर बसणाऱ्या नोमानने बापाला द्यायची चिठ्ठी काढून ठेवली होती. एफ चौऱ्याऐंशी. म्हणजे स्वमग्नता, पक्की.

"नोमान, ये सवाल का निशान नै दिखा क्या?"

"दिखा ना चाचा. पन कंप्यूटर में निशान का खानाच नै है." नोमान मान वर न करता म्हणाला. "बाप बाहर बैठेला है. दो बजे की शिफ्ट है उसकी, शेंद्रा की कंपनी में. देदूँ?"

"ठैर."

शंकेला कोड लावायचा नाही, जे दिसतंय त्यालाच लावायचा, हा या कामातला पहिला धडा. शिवाय केसपेपरवर एक ओळ कोरी होती: घरी बोलते का? सकाळपासून ऐंशी पेशंट झाले होते. एखादी ओळ राहून जाते. पण कोऱ्या ओळीवर अंदाज लिहायचा नाही, हा दुसरा धडा.

कमरोद्दीन उठला. हातात काहीतरी असलेलं बरं म्हणून पाण्याची बाटली घेतली आणि बाहेर आला.

बाकावर कंपनीच्या निळ्या शर्टातला एक माणूस होता, उमाचा बाप बन्सी. शेजारी मुलगी भिंतीकडे तोंड करून बसली होती. कमरोद्दीनने बाटली पुढे केली. मुलीने ती न बघता घेतली आणि घटाघटा सगळी संपवली.

"आगं, समदंच पिलीस व्हय?" बन्सी ओशाळला. "साहेब, कागद झाला का?"

"घरी... घरी बोलते का ही?"

"घरी? लई बोलती! बडबडीनं डोकं उठवती. बाहेर पाऊल टाकलं की मात्र मुकी."

"कधीपासून?"

"गाव सुटलं तवापासून. आमी फर्दापूरकडचे. हिर आटली, मंग दोन वरसाखाली शेंद्र्याला खोली केली. तिथं तिच्या वळखीचं कोन बी नाय." बन्सीने आवाज खाली आणला. "हेडमास्तर म्हनले, आजार निघाला तर शहरातल्या खास शाळंत टाका. रोज कोन नेनार, कोन आननार? तिची माय बी कामाला जाती. मंग काय, खोलीला कडी लावून घरीच ठेवायची. जूनला शाळा उघडती, साहेब. लिव्हताना जरा..."

मुलगी भिंतीवरची पाल बघत होती. कमरोद्दीनही पालीकडेच बघत होता. माणसाच्या डोळ्यांत बघण्यापेक्षा ते त्याला सोपं जाई.

ते प्रश्नचिन्ह काढणाऱ्या डॉक्टरबाईंच्या खोलीत तो शिरला तेव्हा त्या दोन पेशंटच्या मधे होत्या.

"कमरोद्दीन? तुम्हाला आवाज आहे, हे विसरलेच होते मी!"

"मॅडम, एक ओळ कोरी आहे," तो म्हणाला आणि बन्सीचं बोलणं त्याने जसंच्या तसं सांगितलं. एवढं सलग तो किती वर्षांत बोलला नव्हता.

बाईंनी बापलेकीला पुन्हा आत घेतलं. वीस मिनिटं लागली. बाहेर रांगेत आरडाओरडा झाला. मग केसपेपर परत आला. प्रश्नचिन्हासकट निदान खोडलेलं, बाजूला सही. 'घरी भरपूर बोलते. गाव बदलल्यापासून बाहेर गप्प. स्वमग्नता आज म्हणता येत नाही. शाळा सोडवू नये. तीन महिन्यांनी पुन्हा पाहणे.'

कमरोद्दीनने पुस्तक उघडलं. एफच्या पानांवर मनाचे आजार असतात. झेडच्या पानांवर आजार नसतात. ज्या अडचणींपायी माणूस दवाखान्याची पायरी चढतो, त्या असतात. त्याने बोट खाली खाली नेलं. झेड त्र्याहत्तर पॉइंट चार: सामाजिक कौशल्ये अपुरी.

नोमानने वाकून पाहिलं आणि खिदळला. "चाचा, ये तो आपका नंबर है!"

"हौ," कमरोद्दीन म्हणाला आणि नव्या चिठ्ठीवर कोड आणि बाईंचा शेरा उतरवून शिक्का मारला.

बन्सीने ती चिठ्ठी दोनदा वाचली. आकड्याचं त्याला काही कळलं नाही. 'शाळा सोडवू नये' एवढं कळलं. त्याने घडी घालून ती शर्टाच्या आतल्या खिशात ठेवली, कमरोद्दीनला हात जोडले आणि मुलीचं बोट धरून निघाला. पाऊण वाजून गेला होता. सिटी बस वेळेवर मिळाली तर शिफ्ट सापडणार होती.

कमरोद्दीन खुर्चीत बसला. पुढची फाईल काविळीची होती. पाणी प्यावं म्हणून त्याने हात लांबवला, तेव्हा बाटली नाही हे त्याच्या लक्षात आलं.

खिडकीबाहेर टँकरच्या पाइपाला जोडापाशी बारीक गळती होती. तिथे बायकांच्या कळशांची दाटी. त्यांच्यामधून एक लहान हात पुढे झाला आणि धारेखाली बाटली धरली.

"कुनाची गं तू?" एका बाईने विचारलं. हात धारेखालीच राहिला. फाटकातून बन्सी ओरडत होता, "उमे, चल की गं! बस चालली!"

ती हलली नाही. बाटली गळ्यापर्यंत भरू दिली. झाकण लावलं. फ्रॉकला पुसून ती खिडकीपाशी आली, टाचा उंचावून तिने बाटली गजांतून आत, खिडकीच्या कट्ट्यावर उभी केली. नजर वर केली नाही. झाकण घट्ट बसलंय का, ते तिने एकदा फिरवून पाहिलं आणि बापाकडे पळाली.