नव्वद झालं का?

नागुबाईच्या उजव्या गुडघ्याची वाटी बदलली, हे लातुरात कुणाला कळलंच नाही. कळणार तरी कुणाला? गल्लीत ओळखीचं माणूस उरलंय कुठं? एकेक घर करत सगळी गल्ली क्लासच्या पोरापोरींना भाड्यानं गेली. खोलीत चार कॉट, कॉटशेजारी टेबल, आणि टेबलावर मान खाली घालून बसलेलं लेकरू. मूळचे घरमालक नव्या वस्तीत फ्लॅट घेऊन मोकळे झाले. गल्लीत तीनचारशे जीव राहतात, पण "मावशी, जेवलात का?" म्हणणारं एक तोंड नाही. पोरं वाईट नाहीत हो, गुणाची आहेत बिचारी. पण त्यांना डॉक्टर व्हायचंय, त्यांनी म्हातारीजवळ बसून काय करायचं?

तर नागुबाई. वय सहासष्ट. एकतीस वर्षं अंगणवाडीत सेविका होती. रोज फरशीवर बस, ऊठ, रडणारं एक कडेवर घे, पळणारं दुसरं धर. गुडघे झिजतील नाहीतर काय होईल? नवरा भीमा जाऊन नऊ वर्षं झाली. एकुलता एक मुलगा संघपाल नांदेडजवळ विष्णुपुरीला, कॉलेजच्या प्रयोगशाळेत नोकरीला. सून बुद्धप्रिया शाळेत मास्तरीण, नात दहावीला. माणसं लाखाची, पण प्रत्येकाच्या मागं घड्याळ लागलेलं.

गुडघ्यानं पायखान्यात बसू देईना, तेव्हा संघपालनं तिला नांदेडच्या दवाखान्यात दाखवलं. डॉक्टर सरळ माणूस होता. म्हणाला, "पावणेदोन लाख खर्च येईल. बहुतेकांचं छान होतं, पण होईलच असा शब्द देत नाही. जंतू शिरू शकतात, पायात रक्ताची गुठळी होऊ शकते, आणि व्यायाम केला नाही तर गुडघा आखडतो. पहिल्या दोन्हींची काळजी आम्ही घेतो. तिसरं तुमच्या हातात." रिटायर होताना मिळालेले पैसे नागुबाईनं जपून ठेवले होते. काही ते, काही संघपालचे, असं करून ऑपरेशन झालं, आणि झालंही झकास.

घरी सोडायच्या दिवशी व्यायाम शिकवायला आरती मॅडम आल्या. मॅडम कसल्या, पंचविशीतली पोरगी. पाय सरळ ठेवून उचलायचा, हा एक व्यायाम. पलंगावर टाच ओढत मागं आणायची, हा दुसरा. दुसऱ्याला नागुबाईच्या डोळ्यांपुढं काजवे चमकले.

"मावशी, नव्वद झालंच पाहिजे बरं का," आरती म्हणाली. "नव्वदच्या खाली मला चालणार नाही."

"नव्वद? अगं माय माय!"

"होतं हो. सगळ्यांचं होतं." आणि कागदावर तिनं मोठ्ठं 90 लिहून दिलं. त्याच्या डोक्यावर एक बारकं शून्य होतं. नागुबाईला वाटलं, पेन गळला असंल.

पंधरा दिवस ती विष्णुपुरीला राहिली. सकाळी सातला सून जायची, आठला नात, नऊला संघपाल. मग पार संध्याकाळपर्यंत ती आणि पंखा. सगळी परत यायची ती दमून, आणि आपापल्या मोबाइलमध्ये तोंड घालायची. नागुबाईच्या मनानं घेतलं, एकटंच बसायचं तर आपल्या घरी बसू, तिथल्या भिंती तरी ओळखीच्या हायत. संघपालनं पुष्कळ समजावलं. पण हिचा हट्ट म्हणजे ऐकावं जनाचं आणि करावं मनाचं.

शेवटी तो म्हणाला, "दीड महिन्यानं तपासणी हाय. मॅडमनी सांगितलंय तसं सगळं झालं, तर तू तुझ्या घरी खुशाल ऱ्हा, मी एक शब्द बोलणार न्हाई. न्हाई झालं, तर लातूरचं घर भाड्यानं देऊ अन् तू कायमची इकडं. कबूल?"

"कबूल! शंभरदा कबूल."

लातुरात आल्यावर नागुबाई व्यायामाच्या अशी मागं लागली की विचारू नका. पोरांच्या मेसमधून दोन वेळचा डबा लावला होता, धुण्याभांड्याला बाई होती, त्यामुळं दुसरं काम तरी काय होतं? सकाळी पाय सरळ उचलायचा, नव्वद वेळा. मग टाच मागं ओढायची, नव्वद वेळा. पुन्हा सांजच्याला तेवढंच, आणि दर खेपेला भिंतीवरच्या कॅलेंडरवर एक खूण. टाच चार बोटं सरकायची की जीव कळवळायचा, मग पुढं ढकलून दुसरी. अंगणवाडीतली मोजायची सवय, त्यामुळं मोठ्यानं मोजायची. एक... दोन... तीन... शेजारच्या खोलीतल्या पोरीला पहिल्या दिवशी वाटलं, म्हातारी पाढे म्हणून राहिली.

गुडघा काही फार वाकत नव्हता. खुर्चीवर बसलं की पाय बंदुकीसारखा पुढं राहायचा. पण लोखंड नवं हाय, रुळायला वेळ लागणारच, अशी तिनं स्वतःची समजूत काढली. शंका विचारावी असं कुणी जवळ असतं, तर तिनं विचारलंही असतं. तेच तर नव्हतं ना! सगळ्या दिवसात ती मोठ्यानं बोलायची ती फक्त आकडे.

सोमवारी मात्र अकराच्या सुमाराला आरतीचा फोन यायचा. नागुबाई साडेदहापासून फोन मांडीवर घेऊन बसायची. वेणीफणी करून बसायची, आता बोला! फोनवर कोण वेणी बघतंय?

"मावशी, नव्वद झालं का?"

"झालं की!"

"अरे वा, शाब्बास! सूज? ताप? काही नाही ना? छान. ठेवते हं, पेशंट आहेत."

संपलं. पाऊण मिनिट. नागुबाईला अजून पुष्कळ सांगायचं असायचं, पण पोरीच्या मागं कामं, तिला कशाला अडकवून ठेवायचं? तरी ते "शाब्बास" तिला मंगळवार-बुधवारपर्यंत पुरायचं. एकतीस वर्षं तिनं दुसऱ्यांच्या लेकरांना शाब्बास म्हटलं, तिला स्वतःला कुणी म्हटल्याचं आठवत नव्हतं.

दीड महिन्यानं संघपाल गाडी करून न्यायला आला. नागुबाईनं कॅलेंडर गुंडाळून बरोबर घेतलं. रोजच्या दोन खुणा, एक दिवस खाडा नाही. मनातून तिचा विजय झालेला होता.

दवाखान्यात आरतीनं तिला टेबलावर झोपवलं आणि दोन पात्यांचा प्लास्टिकचा कोनमापक गुडघ्याला लावला. एकदा बघितलं, परत लावला, परत बघितलं. तिचा चेहराच पडला.

"मावशी, हे पंचावन्न आहे. तुम्ही तर दर सोमवारी नव्वद झालं म्हणायचा!"

"केलं की! बुद्धाशपथ, सकाळी नव्वद, सांजच्याला नव्वद. हे बघ, खुणा हायत." नागुबाईनं कॅलेंडर उलगडून दाखवलं.

आरती त्या खुणांकडं बघतच राहिली. संघपालच्या ध्यानात आधी आलं, त्याचं कामच मोजमापाचं. त्याला आधी हसू आलं, आणि मग ते तोंडातल्या तोंडात जिरलं. "माय," तो म्हणाला, "नव्वद वेळा न्हाई गं. नव्वद अंश. काटकोन. गुडघा काटकोनात वाकायला पायजे, असं म्हणत होत्या त्या."

नागुबाईला आधी समजलंच नाही, आणि समजलं तेव्हा तिचं टाळकंच फिरलं. "मग तसं सांगायचं न्हाई का, बाई? नव्वद नव्वद काय लावलं होतंस? चार बोटं सरकली की मी एक मोजायचे! मला काय सपान पडणार हाय?"

"चुकलं माझं, मावशी," आरती म्हणाली. पोरगी खरंच रडकुंडीला आली होती. "पण घरात कुणी बघत नव्हतं का हो? एकदा जरी कुणी बाजूला बसून बघितलं असतं, तरी ध्यानात आलं असतं."

नागुबाईनं लुगडं गुडघ्यावर ओढून घेतलं.  संघपाल कॅलेंडरची सुरळी करत बसला.

डॉक्टरांनी सांगितलं, आता भूल देऊन गुडघा वाकवावा लागेल. क्वचित हाड मोडतं, ती जोखीम आहे, सहीवर करायचं. आणखी पंधरा-वीस हजार जातील. आणि एवढं करून भागणार नाही. त्यानंतर महिना-दीड महिना रोज कुणीतरी पाय धरून, दाबून वाकवला पाहिजे, नाहीतर पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. संघपालनं सही केली. घराची गोष्ट त्यानंही काढली नाही, तिनंही काढली नाही. हरलेल्या माणसानं कुठल्या तोंडानं काढायची?

हाड मोडलं नाही, नशीब म्हणायचं. नागुबाई पुन्हा विष्णुपुरीला आली, आणि दुसऱ्या दिवसापासून संघपालची ड्युटी सुरू झाली. संध्याकाळी साडेसातला तो हातपाय धुऊन यायचा, मोबाइल बाहेर ठेवायचा, कारण दोन्ही हात लागायचे, आणि पलंगाच्या टोकाला बसून मायची टाच हातात घ्यायचा.

पहिले आठ दिवस नागुबाईनं त्याला दिलेल्या शिव्या इथं सांगण्यासारख्या नाहीत. "मुडद्या, सोड! तुझ्या हाताला कीड पडली!" त्यातली ही सगळ्यात सौम्य. तो हसायचा आणि आणखी दाबायचा. तिचं लक्ष दुसरीकडं जावं म्हणून काहीबाही बोलत राहायचा. कॉलेजात कुठलं यंत्र बिघडलं, कोणत्या सरांचं कुणाशी वाजलं. मग हळूहळू जुनं निघायला लागलं. तो चार वर्षांचा असताना तिच्याच अंगणवाडीत बसायचा, आणि बाकीची लेकरं म्हणतात म्हणून आपल्या मायला 'बाई' म्हणायचा. घरी गेल्यावरही म्हणायचा. भीमा त्यावरून तिला चिडवायचा, "बाई, जेवायला वाढा."

"बाबा खरंच म्हणायचे का गं तसं?"

"म्हणजे काय! तू मग त्यांच्यावरच चिडायचास. म्हणायचास, बाई फक्त माझी हाय."

खरं सांगायचं तर हा पोरगा दहावीनंतर शिकायला बाहेर पडला, तेव्हापासून 'पोचलो', 'जेवलो' आणि 'ठेवतो' या तीन शब्दांवर माय-लेकाचं चाललं होतं. आता तो अर्धा अर्धा तास बोलत होता. आणि त्याचे हात तिच्या पायावर होते. भीमा गेल्यापासून दवाखाना सोडला तर तिच्या अंगाला कुणाचा हातच लागला नव्हता, हे तिला या हातांनी कळलं. दुपार अजूनही खायला उठायची, पंखा तोच होता, घर तसंच रिकामं होतं. पण पाचपासून ती साडेसातची वाट बघायची. दुखणार हे ठाऊक असूनही बघायची.

सहाव्या आठवड्यात ती एकटी ऑटो करून तपासणीला गेली. काठी होती, पण टेकायला फारशी लागत नव्हती. आरतीनं कोनमापक लावला आणि टाळीच वाजवली.

"एकशे बारा! मावशी, एकशे बारा अंश! वेळा नाही हं!"

दोघी हसल्या. "आता कुणी दाबायची काही गरज नाही," आरती म्हणाली. "तुमचं तुम्ही करायचं. लातूरला जायला तुम्ही मोकळ्या. मुलालाही सांगा, सुटला म्हणावं एकदाचा."

सुटला! नागुबाई ऑटोत बसली तेव्हा खरोखर आनंदात होती. आपलं घर, आपली चूल, आपल्या कुलपाची किल्ली आपल्या कमरेला. घर काही अजून भाड्यानं दिलं नव्हतं. मुदत टळली असली, तरी मॅडम म्हणतात तसं झालं तर आपल्या घरी, हा संघपालचा शब्द होता आणि तो शब्दाचा पक्का होता, आज सांगितलं तर रविवारी नेऊन सोडील. मग त्या घरातली सकाळ तिच्या डोळ्यांपुढं आली. डबा येईल, डबा जाईल. आता सोमवारचा फोनसुद्धा यायचा नाही. गुडघा बरा झाल्यावर कोण कशाला विचारतंय? विष्णुपुरी येईपर्यंत तिचा आनंद कुठल्या कुठं गेला होता.

संघपाल त्या दिवशी फार दमून आला. आल्या आल्या म्हणाला, "काय म्हणल्या गं मॅडम?"

बुद्धप्रिया पोळ्या लाटत होती, तिनंही मान वर केली. नागुबाईनं पदर सारखा केला.

"अजून थोडे दिवस दाबावं लागंल म्हणल्या."

"बरं," तो म्हणाला. त्यानं हातपाय धुतले, मोबाइल बाहेर ठेवला, आणि तिची टाच हातात घेतली.

गुडघा तेल घातलेल्या कडीसारखा सहज मागं चालला होता. नागुबाईनं दात आवळले, मांडीचं मांस ताठ केलं आणि होतं नव्हतं तेवढं बळ लावून तो मध्येच अडवून धरला.

"आई गंऽऽ!"

संघपालनं एकदम दाब कमी केला. "आज लईच दुखून राहिलं का, माय? ऱ्हाऊ दे मग, थांबतो."

"न्हाई न्हाई!" नागुबाईनं वाकून त्याचं मनगट धरलं. "तू थांबू नको. दुखू दे. तू थांबू नको रे, लेकरा."