फोम गेलेला शेठ

फर्निचरच्या दुकानात सोफ्यावर बसून गिऱ्हाइकाची वाट बघणं हा काही गुन्हा नव्हे. पण खुद्द शेठलाच त्यावरून उठता येऊ नये, ही मात्र धंद्याची बदनामी होती.

शेठनी तीनदा जोर लावून पाहिला. एकदा मुकाट्यानं, एकदा देवाचं नाव घेऊन आणि एकदा सोफा बनवणाऱ्याचा उद्धार करून. सोफा त्यांच्याच कारखान्यातला, त्यामुळे शिवी घरातल्या घरात राहिली.

लेक बँकेत गेली होती, कोणत्याही क्षणी परतणार होती. गेल्या आठवड्यात तिनं आणि हमालानं मिळून त्यांना याच सोफ्यातून उपसलं होतं, विहिरीत पडलेली म्हैस काढतात तसं. ‘‘बाबा, पुन्हा असं दिसलं ना, तर दुकानाच्या किल्ल्या माझ्याकडे आणि तुम्ही घरी,’’ असं तिनं बजावलं होतं. घरी एक टीव्ही होता आणि एक कुंडी. शेठचं दोघांशीही पटत नव्हतं. त्या दिवशीही त्यांनी नेहमीप्रमाणे ‘गुडघा दुखतो’ म्हणत गुडघा धरला होता. गुडघा बिचारा ठणठणीत. त्याच्यावर आळ घेऊन घेऊन शेठना आता त्याची दया यायला लागली होती.

इतक्यात दार ढकलून पांढऱ्या केसांच्या एक बाई आत आल्या.

‘‘खुर्ची हवीय. ती कोपऱ्यातली दाखवा जरा.’’

‘‘तुम्हीच ओढून घ्या, बाई,’’ शेठ बसल्या जागेवरून म्हणाले. ‘‘गिऱ्हाइकानं खुर्ची स्वतः आणली की नातं जुळतं.’’

‘‘खुर्चीशी?’’

‘‘जन्माचं.’’

बाईंनी खुर्ची आणली, बसल्या आणि हात न टेकता उठल्या. पुन्हा बसल्या, पुन्हा उठल्या. शेठ आ वासून बघत राहिले.

‘‘बसायला घेताय ना?’’

‘‘उठायला. बसायला काय, जमीनही चालते. तुम्ही का उठत नाही हो मघापासून?’’

‘‘मी माल दाखवतोय. जिवंत नमुना.’’

‘‘जिवंत आहे का, तेच बघायचंय. उठा बघू.’’

‘‘गुडघे...’’ शेठ पुटपुटले.

‘‘गुडघे दुखणारा माणूस गुडघ्याला हात लावतो. तुम्ही मघापासून मांड्या चाचपताय. माझंही असंच झालं होतं. डॉक्टर म्हणाले, वय वाढलं की स्नायू झिजतात, आणि बसून राहिलं की झपाट्यानं झिजतात.’’

‘‘पण माझं वजन तर तसूभर कमी झालेलं नाही!’’

‘‘म्हणून तर कळत नाही. स्नायू जातात आणि चरबी जागा धरते. काटा बिचारा काय सांगणार?’’

हे मात्र शेठना समजावून सांगायची गरजच नव्हती. कव्हर तेच, आकार तोच, आतला फोम तेवढा मेलेला. असला माल त्यांनी जन्मभर एका बोटानं दाबून ओळखला होता आणि आल्या टेम्पोनं परत पाठवला होता. आता स्वतःला परत पाठवायचं तर कुठे?

‘‘म्हणजे भंगार?’’

‘‘भंगार कसलं! स्नायू पुन्हा भरतात, आपल्या वयातही. रोज उठबस करायची, हळूहळू वाढवायची. जेवणात डाळ, दूध, अंडी असं काही. पण आधी डॉक्टरांना दाखवा.’’

काचेपलीकडे लेक दिसली. ‘‘माझी लेक! असं बघितलं तर घरी बसवेल मला,’’ शेठ घाईनं गुडघा धरत म्हणाले. बाई हळूच म्हणाल्या, ‘‘मीच तुम्हाला बसा म्हणाले, असं सांगू?’’

शेठना ही ऑफर पसंत होती. पण मग उद्या पुन्हा गुडघा आणि परवा पुन्हा म्हैस.

‘‘अगं, मला उठता येत नाहीये,’’ लेक आत येताच ते म्हणाले. ‘‘गुडघ्याचं खोटं होतं. पायांत जोरच उरला नाही.’’

लेक दारातच थबकली. मग भराभर पुढे येऊन तिनं हात दिला.

‘‘ओढू नकोस. बाई, तुम्ही सांगा.’’

‘‘काठावर सरका. पाय मागे घ्या. नाक पायांच्या बोटांवर आणा आणि उठा.’’

पहिल्या वेळी नाक गेलं, बाकीचा ऐवज मागेच राहिला. दुसऱ्या वेळी ते धपकन परत बसले आणि सोफ्यातून असा काही आवाज निघाला, की तिघांनीही ‘मी नाही’ असा चेहरा केला. तिसऱ्या वेळी शेठ उठले. हात हवेत, जणू अदृश्य कपाट उचललंय. पण उभे होते.

‘‘वर्षभर गुडघ्याच्या गोळ्या खाल्ल्या तुम्ही!’’ लेक म्हणाली.

‘‘चवीला बऱ्या होत्या.’’

लेकीनं हात पुढे केला. ‘‘किल्ल्या द्या, बाबा.’’

‘‘घरी बसवलंस तर आहे तेही जाईल, पोरी,’’ बाई म्हणाल्या.

लेकीचा हात तसाच राहिला. तिनं बाबांकडे पाहिलं, मग त्या खोल, मऊ सोफ्याकडे. हात खाली घेतला.

‘‘बरं. उद्या सकाळी डॉक्टर. आणि दुकानात यायचं असेल तर कडक खुर्चीवर बसायचं. दर गिऱ्हाइकाला उठून उभं राहायचं. हात न टेकता.’’

‘‘आणि धंदा मंदा असला तर?’’

लेकीनं त्यांना खुर्चीत बसवलं, पर्स खांद्याला लावली, बाहेर गेली, दार ढकलून आत आली आणि म्हणाली, ‘‘कपाटं आहेत का हो?’’

शेठ कुरकुरत उठले. ‘‘आहेत.’’

‘‘नकोत,’’ म्हणून ती गेली. पुन्हा आली. ‘‘टेबलं?’’

‘‘आहेत, बाई, आहेत.’’

तिसऱ्यांदा तिनं बाहेरून दाराला हात लावला, तर शेठ बसलेच नव्हते, आधीच उभे.

‘‘लबाडी!’’ काचेपलीकडून लेक ओरडली. ‘‘बसा खाली. मी पुन्हा येते.’’